मामा मुलीला आणतो

डोळा लागतोय की नाही अशा बेतात मी आहे. दुपारचं जेवण अंगावर आलंय, वर पंखा कुरकुरतोय, शेजारच्या खोलीत केतकी झोपलीय आणि माझ्या उशाशी मोबाईल आहे. मोबाईलमध्ये वन्संनी पाठवलेला एक नंबर आहे, डीजेवाल्याचा. सकाळपासूनच्या वादाला कंटाळून मी ठरवलंय की उठल्यावर त्याला फोन करून टाकायचा. उठल्यावर म्हणजे चहा घेऊन. चहाशिवाय मी कुणाला होकार देत नाही.

वाद कसला ते झोप लागायच्या आत सांगते. केतकी माझी एकुलती एक. तिला जन्मापासून कमी ऐकू येतं, दोन्ही कानांत मशिनं आहेत. मशिनांतून माणसाचं बोलणं तिला छान कळतं, पण मोठा आवाज सुरू झाला की सगळ्याचा चिखल होतो. म्हणून कुणाच्याही लग्नात गेली की ती मशिनं काढून पर्समध्ये टाकते आणि नुसती हसत बसून राहते. आता तिचंच लग्न आहे. सकाळी विधी, आणि संध्याकाळी स्वागत समारंभ, तो मात्र तिच्या मनासारखा. ओजसच्या, म्हणजे होणाऱ्या जावयाच्या काकांची साताऱ्याबाहेर रोपवाटिका आहे. तिथं आंब्याखाली खुर्च्यांची कोंडाळी मांडायची. स्टेज नाही, गाणं नाही, नाच नाही. चहा, भजी, मटारच्या करंज्या. नवरा-नवरी एकेका कोंडाळ्यात जाऊन बसतील आणि निवांत गप्पा मारतील. "आई, माझ्या लग्नात कोण काय बोललं ते मला ऐकायचंय," असं ती म्हणाली, तेव्हा मी चहाचीही वाट न बघता होकार दिला.

वन्सं म्हणजे ह्यांच्या थोरल्या बहीण. आज सकाळी त्या आल्या, बेत ऐकला आणि म्हणाल्या, "माणसं येणार, हळू आवाजात बोलणार, चहा पिऊन उठणार. कुमुद, हे लग्न आहे की तेरावा?"

एवढ्यावर मी गप्प बसणारी नाही. पण तेवढ्यात त्यांची नजर भिंतीकडे गेली. नंदूदादाच्या फोटोपुढं मी पत्रिका ठेवली होती, तिच्यावर हळदीकुंकवाच्या अक्षता. दादा माझा थोरला भाऊ, केतकीचा एकुलता एक मामा. दोन वर्षांपूर्वी तो गेला. मला वाटलं, पहिलं बोलावणं देवाला, दुसरं त्याला. वन्सं मात्र एकदम खालच्या पट्टीत आल्या. "गेलेल्या माणसाला अक्षत देतं का कुणी? दिली की तो येतो. आणि घरात वाजतंगाजतं नसलं की त्याला वाट सापडते." मग त्यांनी मोबाईल काढला आणि मला तो नंबर पाठवला.

मी वरवर हसण्यावारी नेलं. आमची आई सांगायची, स्वप्नात लग्न दिसू नये, आणि गेलेलं माणूस स्वप्नात येऊन कुणाला न्यायला लागलं तर त्याला हटकावं. आईचं मी फारसं कधी ऐकलं नाही. आज दुपारी मात्र ते नेमकं आठवतंय.

पंख्याची कुरकुर लांब जातेय, लांब गेली, थांबली.

लाईट गेली असावी. पण उकडत नाही. खोलीत तापलेल्या वायरीचा वास येतोय. हा वास मी कुठंही ओळखीन. दादाचा मंडप आणि स्पीकरचा धंदा होता, अख्ख्या तालुक्यातल्या वराती त्यानं वाजवल्या, आणि भाऊबीजेला नवा शर्ट घालून आला तरी हा वास त्याच्याबरोबर यायचा.

पलंगाच्या पायथ्याशी कुणीतरी वायर गुंडाळतंय. कोपरातून घेऊन अंगठ्यावर, अंगठ्यावरून पुन्हा कोपरात. पाठमोरं आहे. अंगात पांढरा शर्ट आहे, आणि तो शर्ट शेवटच्या दिवशी मीच कपाटातून काढून दिला होता.

"कुमे," तो म्हणतो. "झोपलीस व्हय?"

मला उठायचंय, पण उठता येत नाही. छातीवर कुणी गादी टाकून वर बसल्यासारखं झालंय.

"दादा, तू गेलायस."

"ठावं हाय मला." वायर गुंडाळणं चालूच आहे. "अक्षत मिळाली. आलो."

मी शेजारच्या खोलीच्या दाराकडं बघते. दार उघडंच आहे. आत केतकीचा पलंग नाही. आंब्याची झाडं आहेत.

मी झाडाखाली खुर्च्या सरळ करतेय. सगळं अगदी ठरल्यासारखं झालंय. कोंडाळी मांडलीत, टेबलावर पांढरी चादर आहे, कपबशा आहेत, लोक येतायत. कुणी मोठ्यानं बोलत नाही. मला बरं वाटतं, बघा म्हणावं वन्संना, किती छान जमलंय. मग एक बाई माझे दोन्ही हात हातात घेतात आणि म्हणतात, "काय झालं हो असं अचानक?"

"काही नाही," मी म्हणते. "लग्न झालं."

त्या मान हलवतात आणि डोळ्याला पदर लावतात. त्यांची साडी पांढरी आहे. सगळ्यांच्याच साड्या पांढऱ्या आहेत. खुर्च्या कुठं गेल्या कळत नाही, लोक सतरंजीवर बसलेत, आणि टेबलावर कपबशांच्या जागी एक फोटो ठेवलाय. हार इतका जाड आहे की चेहरा दिसत नाही. हार सरकवून बघावं असं मला वाटतं, आणि हात पुढं होत नाही. मला फार भीती वाटते. कुणाचा फोटो असेल ते मला माहीत आहे असं वाटतं आणि ते मला माहीत व्हायला नकोय.

"मुलीच्या मामांनी मुलीला घेऊन यावं," भटजी पुकारतात.

मला सुटल्यासारखं वाटतं. अजून विधीच चाललाय तर. अंतरपाट धरलाय. मामा उठेल, मुलीला हाताला धरून बोहल्यावर आणून उभी करेल, तिच्या पाठीशी थांबेल. हे काम आम्ही माझ्या चुलतभावाला सांगितलंय, सुधाकरला. मी सुधाकरला शोधते. सुधाकर नाही.

सतरंजीवरून दादा उठतो. वायरीचं भेंडोळं खांद्यावर टाकतो आणि धोतराला हात पुसावेत तसे दोन्ही हात शर्टाला पुसतो.

केतकी समोर पाटावर बसलीय. मामाकडची पिवळी साडी, कपाळाला मुंडावळ्या. कान मोकळे आहेत. मशिनं माझ्या डाव्या मुठीत आहेत आणि मूठ मिटली की वाजतात तशी बारीक शीळ घालतायत. दादा हात पुढं करतो. ती वर बघते आणि लगेच हात देते. एवढी हसते की मला तिचा राग येतो.

"केतकी," मी हाक मारते. "नको जाऊस."

तिला ऐकू जाण्याचा प्रश्नच नाही. दादा तिच्याशी नुसते ओठ हलवून काहीतरी बोलतो. ही त्या दोघांची जुनी खोड. स्पीकर ठणाणत असायचे आणि मांडवाच्या दोन टोकांना उभी राहून ही मामा-भाची ओठांनी बोलायची. बाकीचे सगळे एकमेकांच्या कानात ओरडून घसे बसवून घ्यायचे, आणि ह्यांचं चाललेलं असायचं, भजी गरम आहेत का, नवरदेव कसा उंटासारखा चालतो. मी तेव्हा चिडायची. आता दोघांची पाठ माझ्याकडं आहे, त्यामुळं ओठ दिसत नाहीत.

ती दोघं बोहल्याकडं जात नाहीत. रोपांच्या वाफ्यांमधून पलीकडं चाललीत. मोगऱ्याची रोपं, मग पेरूची, मग नारळाची, काळ्या पिशव्यांच्या रांगा संपतच नाहीत. मी धावतेय आणि माझे पाय चिखलात रुतावेत तसे जड झालेत.

"हटक त्याला," माझ्या कोपराशी वन्सं म्हणतात. वन्सं दिसत नाहीत, नुसता आवाज. "वाजव काहीतरी. वाजलं की जाईल."

वाटेच्या कडेला काळे स्पीकर एकावर एक रचलेत, झाडाएवढे. माझ्या उजव्या हातात प्लग आहे, जुना, तीन पिनांचा, दादाचा. मी तो बोर्डात खुपसते.

गाणं लागत नाही. नुसता ठोका येतो, बरगडीत. मग दुसरा. आंब्याची पानं थरथरतात, टेबलावरच्या कपबशा आपोआप कडेकडेला सरकायला लागतात. सतरंजीवरची माणसं उठतात आणि नाचायला लागतात. पांढऱ्या साड्या, पांढरे सदरे, हात वर. एकाच्याही चेहऱ्यावर हसू नाही. मघाच्या बाई डोळ्याला पदर लावूनच नाचतायत.

मी वाफ्यांकडं बघते. दादा गेलाय. मला हायसं वाटतं, आणि त्याच क्षणी दिसतं की केतकीही नाही.

मी माइक उचलून तिचं नाव घेते. झाडाझाडांतून माझाच आवाज परत येतो, इतका मोठा की त्यात नाव कुठलं ते मलाच कळत नाही. आणि मी कुणाला हाक मारतेय? जिची मशिनं माझ्या मुठीत वाजतायत तिला.

हे असं एकदा खरंच झालं होतं. केतकी सहा वर्षांची होती. रहिमतपूरला मावसबहिणीच्या वरातीत गर्दीत ती हात सोडवून कुठं गेली कळलंच नाही. स्पीकर दादाचेच होते. त्यावरूनच आम्ही तिचं नाव पुकारत होतो, सगळं गाव ऐकत होतं आणि तेवढी तीच ऐकत नव्हती. मग दादानं धावत जाऊन प्लग उपटला, भर वरातीत. नाचणारी पोरं त्याच्या अंगावर आली, पण तो प्लग मुठीत धरून उभा राहिला, कुणाला देईना. सगळीकडं शांत झालं. आणि त्या शांततेत त्याला गुणगुण ऐकू आली. मशिनं काढली की केतकी गुणगुणते, चाल नाही, सूर नाही, तिचं तिलाही ते माहीत नसतं. शेतातल्या विहिरीच्या कठड्यावर ती बसली होती, पाय आत सोडून.

रोपवाटिकेत विहीर आहे. मला हे आत्ता आठवतं.

दादा माझ्याजवळ उभा आहे. कधी आला ते कळलं नाही. त्याचा चेहरा मी पहिल्यांदा समोरून बघते. तोच आहे, दाढीचे खुंट, पुढचा एक दात थोडा तिरपा, पण डोळ्यांची पापणी लवत नाही. सख्ख्या भावाची अशी भीती वाटावी यासारखं वाईट काही नसेल. तो ओठ हलवतो. आवाजात काही ऐकू येत नाही, पण मला वाचता येतं.

बंद कर.

मी मान हलवते. "बंद केलं की तू तिला नेशील."

कशात हुडकणार हाईस तिला? ह्यात?

"तू जा आधी."

तो जात नाही. वाट बघतो. मी रडतेय, मला रडण्याचाही आवाज येत नाही. ठोका पडतो, पानं गळतात. शेवटी मी खाली बसते आणि प्लग धरते. प्लग तापलाय, हाताला चटका बसतो, आणि तो निघत नाही. मी पाय स्पीकरला लावून ओढते.

निघतो.

नाचणारी माणसं हात वर करून थांबतात, आणि मग ती नसतात. दादाही नसतो. झाडं, काळ्या पिशव्या, आणि शांतता. वन्सं म्हणाल्या होत्या तसलीच, जिच्यातून कुणीही येऊ शकतं. मी प्लग मुठीत आवळून धरते, सगळ्या ताकदीनं, कारण कुणीतरी येईल आणि तो परत लावील असं मला वाटतंय. श्वाससुद्धा मी बेतानं घेते.

काहीच नाही. खूप वेळ काहीच नाही.

मग नारळाच्या रोपांपलीकडून गुणगुण येते. चाल नाही, सूर नाही.

मी चालत जाते. धावायचं धाडस होत नाही. विहिरीच्या कठड्यावर केतकी बसलीय, पिवळी साडी, पाय आत सोडलेले, आणि तिच्या मागं दादा उकिडवा बसलाय. एका हातानं त्यानं तिचा कमरेला खोचलेला पदर गच्च धरलाय, लहान पोराचा चड्डीचा पट्टा धरतात तसा.

"दादा, नेऊ नकोस रे तिला. एकच आहे मला."

"न्हेतोय कुठं?" आता त्याला आवाज आहे, जुना, बसका. "येडी का खुळी तू, कुमे? मामा मुलीला आणतो. न्हेत न्हाई."

"मग विहिरीवर कशाला आणलंस?"

"मी न्हाई आणली. मी तिला मांडवाकडंच घिऊन चाललो हुतो, मागच्या अंगानं. तू आवाज लावलास." तो माझ्याकडं बघत नाही, पदरावर नजर ठेवून बोलतो. "आवाज झाला की ती गप जागा हुडकत जाती. ल्हानपणापास्नं. तुला म्हायती न्हाई व्हय?"

मला माहीत आहे. मला अगदी चांगलं माहीत आहे.

"घे," तो म्हणतो आणि केतकीचा हात माझ्या हातात देतो. त्याची बोटं माझ्या बोटांना लागतात, माठाच्या बुडासारखी गार, आणि मी तेव्हाही दचकते. तो बघतो. त्याला कळतं. मला त्याचं फार वाईट वाटतं, पण हात मागं घेतल्याशिवाय राहवत नाही.

"भज्यात सोडा घालू नगं म्हणावं आचाऱ्याला," तो म्हणतो. "निवांत बसून खाणार माणसं. मागनं जळजळतं."

"तू थांब की," मी म्हणते, आणि म्हणता म्हणता घाबरते, कारण तो थांबला तर?

तो खांद्यावरचं भेंडोळं काढतो आणि उरलेली वायर गुंडाळायला लागतो. वायरीचं दुसरं टोक माझ्या मुठीत आहे. तो हात पुढं करतो, मग थांबतो.

"ऱ्हाऊ दे तुझ्याकडं. कुणी मागितला तरी द्यायचा न्हाई."

कोपरातून अंगठ्यावर. अंगठ्यावरून कोपरात. वर काहीतरी कुरकुरतंय.

पंखा. लाईट आलीय की गेलीच नव्हती, कुणास ठाऊक. पाठीखालची चादर घामानं ओली झालीय. पडद्यावर अजून ऊन आहे.

घर शांत आहे. मी हाक मारायला तोंड उघडते आणि मिटते, कारण झोपताना ती मशिनं काढून ठेवते. शेजारच्या खोलीचं दार उघडं आहे. पलंग आहे. पलंगावर कुणी नाही. नुसती विस्कटलेली चादर, आणि टेबलावर डबीत दोन्ही मशिनं.

मी दारातच उभी राहते. स्वप्नातली भीती काहीच नव्हती असं वाटायला लावणारी ही भीती आहे. मी श्वास धरते आणि ऐकते.

स्वयंपाकघरातून गुणगुण येते.

केतकी गॅसपाशी उभी आहे, पाठमोरी, पातेल्यात आलं किसतेय. तिला मागून हात लावायचा नसतो, दचकते. मी बाजूनं जाते, तिला दिसेन अशी. ती माझ्याकडं बघते आणि हातातली किसणी खाली ठेवते.

"काय झालं आई? कशी दिसतेयस."

काही नाही, मी नुसते ओठ हलवते.

"हात दे बघू. दुखतोय का?"

तेव्हा मला कळतं की माझी उजवी मूठ अजून आवळलेली आहे. ती एकेक बोट सोडवते. मूठ रिकामी आहे. पण तळहातावर तीन खळगे पडलेत, गोल, खोल, कडेनं लाल. वर एक मोठा, खाली दोन लहान.

मोबाईल उशाशीच होता. मुठीत धरण्यासारखं दुसरं काहीही खोलीत नव्हतं.

केतकी बघत राहते. चहा वर येतो, मी गॅस बारीक करते, तिचं लक्ष नाही. मग ती तिचा अंगठा मोठ्या खळग्यात ठेवते आणि दोन बोटं खालच्या दोन खळग्यांत. रहिमतपूरहून येताना टेम्पोत ती दादाच्या मांडीवर बसून हेच करत होती. त्याच्या तळहातावर असेच तीन खळगे उमटले होते, आणि ती पुन्हा पुन्हा त्यात बोटं घालून बघत होती, घरी येईपर्यंत, झोप लागेपर्यंत.

"मामा," ती म्हणते.

आतल्या खोलीत फोन वाजतो. तिला ऐकू येत नाही. वन्सं असणार, नंबर लागला का विचारायला. मला अजूनही भीती वाटतेय. फोन वाजतो, थांबतो, पुन्हा वाजतो.

तिच्या बोटांसकट मी मूठ मिटून घेते.